जरा बाजूला येता का, सर?

आमच्या तीर्थपुरीत कुणी "जरा बाजूला येता का, सर?" म्हणालं की पूर्वी दोनच शक्यता असायच्या. एक तर त्याला उसने पैसे हवे असत, नाहीतर मेव्हण्याच्या पोरीसाठी स्थळ. दोन्हींवर माझी उत्तरं ठरलेली होती. पैसे नाहीत आणि मुलगा अजून शिकतोय. आता तिसरा प्रकार निघालाय. माणूस फोन छातीशी धरून येतो. फोनची पाठ जगाकडे, तोंड बंडीकडे. आधी उसाचा भाव काढतो, मग पावसाचा विषय, मग इकडेतिकडे बघून आवाज एकदम खाली.

"सर, पैशे कटतायत."

"कशाचे?"

"कटतायत बरं का. दर आठवड्याला कटतायत. तेवढं बंद करून द्या."

"अहो, पण कशाचे कटतायत ते कळल्याशिवाय बंद काय करू?"

"तुम्ही आत बघू नका. वरच्या वर बंद करा."

पोटात दुखतंय पण पोट दाखवणार नाही, असा हा पेशंट. त्याला पुष्कळ घोळात घेतल्यावर फोन हळूहळू उलटा होतो. मग दिसतो एक खेळ, आणि त्याच्या कोपऱ्यात लाल गोलात लिहिलेलं असतं, '१८+'.

हे काम माझ्याकडे का आलं, याचं कारण मलाही नीट सांगता येत नाही. शाळेत मी भूगोल शिकवला. मान्सून कुठून येतो हे सांगताना अरबी समुद्राची बाजू चुकली नाही, एवढीच माझी तांत्रिक पात्रता. पण एका पालकसभेत मुख्याध्यापकांचा फोन लावणी वाजवू लागला आणि थांबेना. मी पुढे होऊन तो गप्प केला. खरं म्हणजे मी त्याची बॅटरी काढली होती. पण गावानं पाहिलं ते एवढंच, की सरांनी हात लावला आणि फोन शांत झाला. तेव्हापासून मी मोबाईलचा जाणकार. निवृत्तीनंतर तर पूर्णवेळ.

गावाचंही थोडं सांगायला हवं. तीर्थपुरी घनसावंगी तालुक्यात आहे. ग्रामपंचायतीची नगरपंचायत झाली, सागर साखर कारखाना आहे, ऊस आहे, मोसंबी आहे, घरटी एकाला दोन फोन आहेत. नाही ती एकच गोष्ट, गुपित. इथे पासबुक ही सार्वजनिक मालमत्ता आहे. मिनी बँकेतला पोरगा पासबुक मशीनमध्ये घालतो, बाहेर आल्यावर नोंदी मोठ्यानं वाचतो आणि रांगेतले सगळे त्यावर मत देतात. "आप्पा, हे दोनशे नव्व्याण्णव कशाचे? परत दोनशे नव्व्याण्णव. परत दोनशे नव्व्याण्णव." आप्पांनी क्षणाचाही विलंब न लावता सांगितलं, "फवारणीचं औषध." रांगेतल्या एकानं लगेच विचारलं, "कोणत्या किडीला? आमच्याही मोसंबीवर मारू म्हणतो."

त्याच संध्याकाळी आप्पा मला बाजूला घ्यायला आले.

आप्पांचा काही दोष नव्हता. ते हरिपाठ ऐकत होते. मधेच जाहिरात लागली. भर पावसात एक बाई, अंगावर फाटकी साडी, नवऱ्यानं घराबाहेर काढलेली, थंडीनं कुडकुडत उभी. खाली दोन बटणं, 'मदत करा' आणि 'निघून जा'. आता वारकरी घरातला माणूस यातलं कोणतं बटण दाबेल? आप्पांनी मदत केली. मदतीची किंमत तीन दिवसांसाठी एक रुपया होती. एक रुपया तर देवळाच्या पेटीतही टाकतो, असं म्हणून त्यांनी पिन टाकला. त्या एका पिनामध्ये दर आठवड्याला दोनशे नव्व्याण्णव कापण्याची कायमची परवानगी होती. ती कुठल्या अक्षरात लिहिली होती, हे मी नंतर चष्मा पुसून पाहिलं. चष्म्याचा नंबर बदलावा लागणार, एवढंच निदान झालं.

"पण आप्पा, अठरा वर्षांवरचं म्हणजे आत आहे तरी काय?" मी विचारलं. जाणकाराला सगळं माहीत असावं लागतं.

"काही नाही हो. ती लिफ्टमध्ये अडकलीय."

"कोण?"

"तीच. मालकाच्या पोरासोबत. गेल्या पोळ्यापासून अडकलीय. लिफ्ट उघडायला हिरे लागतात म्हणे. हिरे घेतले की एक मजला वर जाते, परत अडकते."

मी सहानुभूतीनं मान हलवली. प्रौढांसाठीच्या खेळांबद्दल माझ्या मनात जे काही चित्र होतं, ते त्या लिफ्टबरोबर कुठल्यातरी मजल्यावर अडकलं. आप्पा दर आठवड्याला तिला साडीचा रंग निवडून देत, केसात माळायला काय ते निवडून देत, आणि ज्यासाठी अठरा वर्षं पूर्ण असावी लागतात ते सगळं पुढच्या भागात होणार होतं.

आता पैसे कटायचे थांबवण्यासाठी आमच्या भागात जे घरगुती उपाय चालतात, त्यांची दखल कुणीतरी घ्यायला हवी. पहिला उपाय म्हणजे ॲप उडवणं. हा सर्वमान्य आहे आणि त्याचा उपयोग शून्य. खेळ फोनमध्ये असतो, परवानगी बँकेच्या खात्यावर असते. खेळ पुसला तरी परवानगी जागेवर. दुसरा उपाय सिम काढून ठेवणं. कारखान्यातल्या एका मामांनी ते काढून देवघरात ठेवलं. पैसे कटत राहिले, फक्त कटल्याचा मेसेज यायचा थांबला, त्यामुळे महिनाभर मामा फार समाधानात होते. तिसरा उपाय जालीम. खातंच रिकामं ठेवायचं. कुंभार पिंपळगावच्या एका पाहुण्यानं तो केला. खात्यात दमडी नाही तर कापणार काय? योजना बिनतोड होती. पण पीएम किसानचे दोन हजार यायचे ते त्याच खात्यात. सरकार चार महिन्यांनी एकदा देतं, खेळातली बाई दर आठवड्याला मागते. हप्ता आला आणि पाहुणा एटीएमपर्यंत पोहोचायच्या आत बाईनं आपला वाटा उचलला. पाहुणा मला म्हणाला, "सर, पैसे आले हे मला कळायच्या आधी तिला कळतं. घरचीलासुद्धा एवढं लवकर कळत नाही."

सरकार या बाबतीत झोपलंय असं कुणी म्हणू नये. यूपीआयवरून आपोआप पैसे जाण्याची सोय जुलै २०२० मध्ये आली, आणि रिझर्व्ह बँकेचा नियम १ ऑक्टोबर २०२१ पासून लागू आहे. पैसे कापायच्या किमान २४ तास आधी ग्राहकाला कळवलं पाहिजे, आणि नको असेल तर थांबवायची सोय दिली पाहिजे. फक्त १५,००० रुपयांपर्यंतच्या हप्त्याला पुन्हा पिन विचारत नाहीत. नियम चोख आहे. मेसेजही येतो. आप्पांच्या फोनमध्ये ते सगळे मेसेज होते. इंग्रजीत होते, आणि त्यांच्या वर बियाणाच्या कंपनीचे, खाली कर्ज मंजूर झाल्याचे, मधे लॉटरी लागल्याचे, अशा दाटीवाटीनं बसले होते. आप्पांनी एकही उघडला नव्हता. "पैशाचा मेसेज आला की मी उघडतच नाही," ते म्हणाले. "मागं एकानं उघडला तर खातं साफ झालं. पोलिसांनीच सांगितलंय, अनोळखी मेसेज उघडू नका."

म्हणजे फसू नये म्हणून आप्पा सावध राहिले, आणि सावध राहिले म्हणून फसले.

यावरून मला नेहमी आमच्या तालुक्यातलं जांब आठवतं. समर्थ रामदासांचं ते जन्मगाव, साल १६०८. बोहल्यावर उभा असलेला बारा वर्षांचा नारायण 'सावधान' हा शब्द कानावर पडताच मांडवातून पळाला, अशी कथा आहे. रद्द करण्याच्या इतिहासात याहून वेळेवर केलेलं रद्द मला माहीत नाही. सूचना मिळाली, ऐकली, समजली आणि मुदत संपायच्या आत अंमलात आणली. रिझर्व्ह बँकेला ग्राहक हवाय तो असा. पण त्याच मांडवात बाकी सगळी वऱ्हाडी मंडळीही होती. 'सावधान' त्यांनीही ऐकलं असणार. त्यांनी अक्षता टाकल्या. आम्ही सगळे त्या वऱ्हाडाचे वंशज.

तर आप्पांचं रद्दीकरण. पहिला प्रश्न जागेचा. आप्पा म्हणाले उसात जाऊ. उसात रेंज नव्हती. माझ्या घरी जाऊ म्हटलं तर बायको घरात होती. शेवटी हॉटेलच्या मागच्या बाकड्यावर बसलो, जिथे दुपारी कुणी नसतं. आम्ही खेळ उघडला. आप्पांच्या फोनचा आवाज हरिपाठासाठी शेवटपर्यंत वाढवलेला होता. फोनमधून एका बाईनं अत्यंत घायाळ स्वरात स्वागत केलं. पुढच्या मिनिटाला बाकड्यावर हॉटेलवाला, भजी तळणारा पोरगा, दोन ट्रॅक्टरवाले आणि ज्यांना कुणी बोलावलं नव्हतं असे एक माजी सरपंच बसलेले होते.

"काय चाललंय सर?"

"पीक विमा," मी म्हणालो.

"विमावाली लई गोड बोलती," एक ट्रॅक्टरवाला म्हणाला.

आत 'सेटिंग', त्याच्या आत 'खातं', त्याच्या आत 'सदस्यत्व', त्याच्या आत आणखी एक 'सदस्यत्व', आणि तिथे सर्वांत खाली, पांढऱ्यावर करड्या अक्षरांत, 'रद्द करा'. त्याच्या डोक्यावर हे भलंमोठं हिरवं बटण, 'चालू ठेवा'. मी करडं दाबलं. खेळानं कारण विचारलं. वेळ मिळत नाही, परवडत नाही, दुसरा चांगला खेळ मिळाला, इतर.

"कोणतं टाकू आप्पा?"

"परवडत नाही टाकू नका," आप्पा कुजबुजले. "मानहानी होते."

"दुसरा चांगला मिळाला म्हणा," माजी सरपंच म्हणाले. "म्हणजे त्यांना जरा टोचेल."

'इतर' टाकलं. लगेच पुढचा पडदा. खास आमच्यासाठी निम्म्या दरात. इथे आप्पांचे डोळे बदलले. आयुष्यभर त्यांनी मोसंबी व्यापाऱ्याला विकलीय. समोरचा एका दमात निम्म्यावर आला की काय करायचं, हे त्यांच्या रक्तात आहे.

"थांबा सर. घाई करू नका. अजून ओढून धरा, फुकटात येतील."

"आप्पा, आपल्याला बंद करायचंय."

"बंदच करायचंय हो. पण भाव तर कळू द्या."

त्यांना कसंबसं आवरून मी पुढे गेलो. आता पडद्यावर ती आली. डोळ्यांत पाणी, केस विस्कटलेले, मागे लिफ्टचं बंद दार. खाली लिहिलेलं, 'तुम्ही खरंच मला अशा अवस्थेत सोडून जाणार?' आणि दोन बटणं. 'नाही, मी तुझ्यासोबत आहे' आणि 'हो, मला तुझी पर्वा नाही.'

बाकड्यावर शांतता पसरली. भजी तळणारा पोरगा झारा हातात घेऊन उभा राहिला. हॉटेलवाल्यानं खाकरून घेतलं. "सर, एवढं कठोर नका होऊ," माजी सरपंच म्हणाले, ज्यांनी स्वतः एका रात्रीत पक्ष बदलला होता. आप्पा कासावीस झाले. म्हणाले, "तिला जरा समजावून सांगा ना. म्हणावं, ऊस गेल्यावर बघू."

ऊस गेल्यावर बघू! सोसायटीवाल्याला, किराणावाल्याला, सोयऱ्याला जे उत्तर आम्ही पिढ्यान्‌पिढ्या देत आलो, ते आप्पांना यंत्रातल्या बाईलाही द्यायचं होतं. मी डोळे मिटले आणि पर्वा नसल्याचं बटण दाबलं. मग पैशांच्या ॲपमध्ये जाऊन 'ऑटोपे'च्या यादीतून ती परवानगीही काढली. इथे सांगून ठेवतो. आपल्या पैशांच्या ॲपमध्ये 'ऑटोपे' किंवा 'मँडेट' नावाचं एक घर असतं, तिथे आपण कुणाकुणाला हात घालायची मुभा दिलीय त्यांची नावं असतात. प्ले स्टोअरवरून घेतलेलं असेल तर तिथे आपल्या फोटोवर बोट ठेवलं की 'सबस्क्रिप्शन'ची वेगळी यादी असते. दोन्ही याद्या वर्षातून एकदा तरी वाचाव्यात. माझ्या अनुभवानं सांगतो, वाचणारा माणूस आधी हसतो, मग बोटं मोजतो आणि मग कुणालातरी बाजूला घेतो.

शेवटचा मेसेज आला. सदस्यत्व रद्द झालं, मात्र मुदत संपेपर्यंत खेळता येईल.

"म्हणजे अजून चालू आहे?" आप्पांनी विचारलं.

"भरलेल्या पैशांचे दिवस आहेत तोवर चालेल."

"मग बसलोय कशाला इथं?" असं म्हणून आप्पा उठले आणि चहा अर्धा टाकून घराकडे निघाले.

लोकांना वाटतं हे खेळ बनवणाऱ्यांनी संगणकशास्त्राचा अभ्यास केलाय. माझी खात्री आहे, त्यांनी आमच्याकडे एक लग्नसराई काढलीय. ग्राहकाला गुंडाळण्याच्या अशा युक्त्यांची यादी केंद्र सरकारच्या ग्राहक संरक्षण प्राधिकरणानं ३० नोव्हेंबर २०२३ ला काढली. एकूण १३ प्रकार. त्यांना 'डार्क पॅटर्न' म्हणतात आणि त्यांना मनाई आहे. मी ती यादी वाचली आणि एकेका प्रकाराला आमच्या गल्लीतला एकेक माणूस आठवत गेला. नकार देणाऱ्याला शरमिंदं करणं, हा एक प्रकार. गणपतीची पोरं पावतीपुस्तक घेऊन येतात आणि म्हणतात, "सर, तुमच्यासारख्या माणसानं एकशे एक?" हळूहळू किंमत वाढवत नेणं, हा दुसरा. लग्नाचं ताट ठरवा, मग पाण्याचे जार वेगळे, वाढपी वेगळे, आणि आचाऱ्याचा टॉवेल-टोपी वेगळा. सतत टोचत राहणं, हा तिसरा. विम्याचा एजंट माझ्या अंत्यविधीलाही माझाच फॉर्म घेऊन येणार आहे. आत घेणं सोपं आणि बाहेर पडणं अवघड, हा सदस्यत्वाचा सापळा. भिशीतून मधेच उठून दाखवा म्हणजे कळेल.

थोरामोठ्यांचीही हीच गत आहे. जुलै २०२५ मध्ये विधान परिषदेत तेव्हाचे कृषिमंत्री माणिकराव कोकाटे यांच्या मोबाईलवर पत्त्यांचा खेळ दिसल्याचा व्हिडिओ राज्यभर फिरला. आपण खेळत नव्हतो, समोर आलेला खेळ स्किप करत होतो, असा त्यांचा खुलासा होता. महिनाअखेरीस त्यांचं कृषी खातं गेलं आणि क्रीडा खातं आलं. लोक हसले. मी हसलो नाही. सभागृहात बसलेल्या मंत्र्याला 'स्किप' सापडायला वेळ लागतो, तर हॉटेलच्या बाकड्यावर बसलेल्या आप्पांनी काय करावं?

पुढच्याच महिन्यात संसदेनं ऑनलाइन खेळांचा कायदा केला. २२ ऑगस्ट २०२५ ला राष्ट्रपतींची सही झाली. पैसे लावून खेळायच्या खेळांवर बंदी, मग ते कौशल्याचे असोत की नशिबाचे. मात्र नुसत्या करमणुकीच्या खेळाला वर्गणी घ्यायची मुभा आहे, अट एवढीच की ती वर्गणी म्हणजे डाव नसावा. मी आप्पांना हे समजावून सांगितलं. ते बराच वेळ विचार करून म्हणाले, "म्हणजे जिंकायची आशा ठेवून पैसे गेले तर गुन्हा, आणि कसलीच आशा नसताना गेले तर चालतंय?" एवढा नेमका सारांश वकिलालाही जमला नसता.

परदेशातले लोक तरी शहाणे असतील, असं मला वाटायचं. तर अमेरिकेच्या व्यापार आयोगानं २०२३ मध्ये ॲमेझॉनवर खटला भरला. सदस्यत्व रद्द करायची वाट इतकी लांब होती की कंपनीत तिला 'इलियड' या ग्रीक युद्धकाव्याचं नाव होतं, असं त्या तक्रारीत म्हटलं होतं. सप्टेंबर २०२५ मध्ये अडीच अब्ज डॉलरवर ते प्रकरण मिटलं. दुसरीकडे, त्याच वर्षीच्या जुलैमध्ये 'इच डॉट आयओ' या खेळांच्या दुकानानं प्रौढांसाठीचे हजारो खेळ एका फटक्यात शोधयादीतून उतरवले, कारण पैशांचे व्यवहार सांभाळणाऱ्या कंपन्यांचा दबाव आला. म्हणजे बघा, पैसे पोहोचवणाऱ्यानं भुवई उचलली की सगळं दुकान एका रात्रीत झाकलं जातं, आणि पैसे देणारा दोन्ही हात जोडून एकच खेळ बंद करा म्हणतो, तेव्हा त्याला कारण विचारतात.

बायकोनं हे सगळं ऐकून घेतलं. ती माझ्या समाजकार्याकडे पहिल्यापासून संशयानं बघते. म्हणाली, "गावाचं बंद करत फिरता, घरचं कधी?" घरचं म्हणजे पिग्मी. रोज संध्याकाळी पतसंस्थेचा पोरगा मोटारसायकलवर येतो, पन्नास रुपये नेतो आणि छोट्या मशीनमधून पावती फाडतो. निवृत्तीनंतर ते बंद करायचं आमचं ठरलं होतं. ठरून बरीच वर्षं झाली. बायको म्हणाली, "आज सांगायचं. नाही तर मला सांगू द्या." हे दुसरं वाक्य धमकी होती.

संध्याकाळी पोरगा आला. मी घसा साफ केला.

"अरे, ते पिग्मीचं जरा..."

"वाढवायचं ना सर? मी म्हणणारच होतो. पण म्हटलं सरांना आपण कसं सांगावं."

"तसं नाही रे, मी म्हणत होतो की..."

"आई तुमची लई आठवण काढते सर. म्हणते, भूगोलात तुम्ही पास केलं म्हणून हा बारावीपर्यंत गेला."

मशीन किर्र वाजलं. पावती हातात आली. शंभर रुपये. आतून बायकोनं पातेलं जरा जास्तच आवाज करून खाली ठेवलं. भीड भिकेची बहीण, असं आपल्याकडे म्हणतात. आमच्या घरात ती रोज संध्याकाळी येते आणि जाताना पावती देऊन जाते. माणसाला नाही म्हणता येत नाही, हे सगळ्यांत आधी पिग्मीवाल्याला कळलं, मग वर्गणीवाल्यांना, आणि सर्वांत शेवटी परदेशातल्या कुठल्यातरी इमारतीत बसून खेळ बनवणाऱ्यांना. त्यांनी नवीन काही केलं नाही. पोरग्याऐवजी लिफ्टमधली बाई उभी केली, आणि आईची आठवण सांगायची जागा तिच्या डोळ्यांतल्या पाण्याला दिली.

काही दिवस बरे गेले. मग एका दुपारी आप्पांच्या घरच्या वहिनी दारात. हातात मोसंब्यांची पिशवी, पिशवीत आप्पांचा फोन. त्यांनी इकडेतिकडे बघितलं.

"सर, ह्यांचं ते तुम्हीच बंद केलं का?"

माझ्या पोटात गोळा आला. मी पीक विम्याकडे वळणार होतो, पण वहिनींनी हात वर केला.

"मला सगळं माहितीय. बघितलंय मी. त्या बाईला साड्यांचे रंग निवडून देत बसतात. माझ्या लुगड्याचा रंग उभ्या जन्मात विचारला नाही, ते जाऊ द्या. पण सर, निदान रात्री गप्प तरी बसायचे. आता दिवसभर घरात येरझारा. भाजीत मीठ का नाही, दिवा का लावला, कोंबडी कुठं गेली. परवा माझं कपाट लावायला बसले. चालू करून द्या."

"वहिनी, दर आठवड्याला पैसे जातात हो त्याचे."

"जाऊ द्या. मी देते. कोंबड्यांची अंडी विकून देते."

नाही म्हणायला हवं होतं. एवढा लेख लिहिण्याइतकं मला ते कळत होतं. पण वहिनींनी पिशवी ओट्यावर ठेवली आणि म्हणाल्या, "पहिल्या बहराच्या आहेत, तुमच्यासाठी वेगळ्या काढल्या." मी फोन घेतला. खेळ उघडला. सेटिंग नाही, खातं नाही, कारण नाही, डोळ्यांत पाणी नाही. समोरच हिरवं बटण. ते दाबलं. पिन मागितला.

"आप्पांचा पिन लागेल."

"मला पाठ आहे," वहिनी म्हणाल्या. "त्यांनाच नाही."

पिन पडला आणि दुसऱ्या क्षणाला फोनमधून तोच घायाळ आवाज आला. माझी बायको स्वयंपाकघरातून बाहेर येऊन दारात उभी राहिली. वहिनींनी शांतपणे फोन पदराखाली घातला.

"बघा," त्या तिला म्हणाल्या, "चांगल्या कामाला कुठं वेळ लागतो?"